अपुरा म्हणवला गेलेला चित्रपट

फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रेन्वारचा ‘पार्ती द कांपान्य’ अपुरा राहिला, असं जो तो लिहितो. मला ते पटत नाही. 1936 च्या उन्हाळ्यात ल्वाँ नदीकाठी चित्रीकरण सुरू झालं, पावसानं वेळापत्रकाचा पार विचका केला आणि रेन्वार ‘ले बा-फाँ’ या पुढच्या चित्रपटाच्या कामाला निघून गेला. नायिकेच्या वडिलांच्या पॅरिसमधल्या दुकानातले प्रसंग घ्यायचे राहिले ते राहिलेच. युद्धात पहिली जुळणी नष्ट झाली, निगेटिव्ह तेवढं बचावलं. 1946 मध्ये जेमतेम 40 मिनिटांचा चित्रपट पडद्यावर आला, तेव्हा रेन्वार अमेरिकेत होता. मग तो पुरा कोणी केला? संकलक मार्गरीत रेन्वार हिनं.

आडनावावरून ती त्याची बायको वाटते. ती नव्हती. मूळची मार्गरीत ऊले. लग्नाविना त्याची सहचरी. ‘ला शिएन’ (1931) पासून ‘ला रेग्ल द्यु जू’ (1939) पर्यंतचे त्याचे महत्त्वाचे चित्रपट तिच्याच टेबलावरून गेले. मग दोघं वेगळी झाली आणि तो दिदो फ्रेरबरोबर देश सोडून गेला. सोडून गेलेल्या माणसाचा सिनेमा तिनं जोडला, या गोष्टीचं कौतुक फार होतं. कामाकडे मात्र कोणी निरखून बघत नाही.

त्यासाठी झोपाळ्याचा प्रसंग घ्यावा. खानावळीत बसलेला रोदोल्फ खिडकीची झडप उघडतो आणि बाहेर नायिका, म्हणजे सिल्व्हिया बाताय, झोके घेताना दिसते. मग कॅमेरा थेट तिच्याजवळ, खालून, आणि मागे आभाळ हिंदकळतंय. मध्येच भिंतीवरून डोकावणारी पोरं, वाटेनं चाललेले सेमिनरीचे विद्यार्थी (त्यांत चक्क जॉर्ज बाताय आणि कार्तिए-ब्रेसाँ). तिला स्वतःच्या आनंदापलीकडे काही दिसत नाही आणि बघणाऱ्यांना तिच्यापलीकडे. हे दोन्ही एकाच वेळी कळतं ते शॉटांच्या क्रमामुळे आणि प्रत्येक नजरेला किती अवधी दिला यामुळे.

यावर कोणी म्हणेल, शॉट तर रेन्वारनंच घेतले होते, संहिता त्याची, कथा मोपासाँची. संकलकाच्या हाती राहतंच काय? राहतं, आणि पुष्कळ राहतं. जपून राहिलेल्या कच्च्या रिळांवरून आलँ फ्लेशरनं 1994 मध्ये एक चित्रपट केला. त्यात एकाच प्रसंगाचे टेकवर टेक दिसतात. त्यांतला नेमका कोणता ठेवायचा आणि तो कुठे तोडायचा, हे 1946 मध्ये दिग्दर्शकाच्या गैरहजेरीत ठरलं.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे. प्रसंगच नव्हते, तेव्हा मजकुराच्या पाट्या घालण्यावाचून तिला गत्यंतर काय होतं? पण पोकळी बुजवायची खटपट याआधी झालीच होती. निर्माता पिएर ब्रॉनबर्जेनं जाक प्रेव्हेरकडून संहिता वाढवूनही घेतली होती. ती वाट सुटली हे बरंच झालं. दुकानाचे प्रसंग आले असते, तर नायिकेचं लग्न कसं झालं हे आपण पाहिलं असतं. आता नदीवर पाऊस कोसळतो, काठ मागे मागे सरकत जातो, दोन ओळींच्या पाटीत वर्षं उलटतात आणि ती एकदम दुकानातल्या नोकराची, अनातोलची, बायको होऊन समोर येते. जे दाखवायचं राहिलं, त्यानंच घाव बसतो. चित्रीकरणातली उणीव अशी कथनाच्या कामी लावणं, याला नाइलाज म्हणायला मी तयार नाही.

धंद्यातल्या माणसांना तिची किंमत कळत होती. याच चित्रीकरणात रेन्वारचा सहायक असलेला जाक बेकर पुढे दिग्दर्शक झाला, तेव्हा ‘कास्क दोर’ (1952) त्यानं तिच्याकडे दिला, ‘तूशे पा ओ ग्रिझ्बी’ (1954) दिला, आणि 1960 च्या ‘ल त्रू’ या त्याच्या अखेरच्या चित्रपटाच्या संकलनातही तिचं नाव आहे.