पांढऱ्या झग्यांची अफवा आणि विल्यम मिलरचं गणित

22 ऑक्टोबर 1844 या तारखेचा विषय निघाला की एक चित्र हमखास रंगवलं जातं. अमेरिकेच्या ईशान्येकडची खेडी, टेकड्यांवर आणि घरांच्या छपरांवर पांढरे झगे घालून उभी असलेली माणसं, आणि या सगळ्यांना येशूच्या पुनरागमनाची तारीख देऊन नादी लावणारा विल्यम मिलर नावाचा अडाणी, माथेफिरू शेतकरी. यातली तारीख खरी आहे, माणसं वाट पाहत होती हेही खरं. बाकीचं बहुतेक ऐकीव आहे.

झग्यांची अफवा त्या काळातल्या वृत्तपत्रांतच छापून आली होती. 1944 मध्ये फ्रान्सिस निकोल यांनी जुनी वृत्तपत्रं आणि पत्रं चाळून तिचा छडा लावायचा प्रयत्न केला, तेव्हा ठोस पुरावा मिळाला नाही. निकोल स्वतः मिलरच्या चळवळीतून पुढे निघालेल्या सेव्हन्थ डे अॅडव्हेंटिस्ट पंथाचे होते, त्यामुळे त्यांच्यावर शंका घेणं स्वाभाविक आहे. पण पुढे पंथाबाहेरच्या इतिहासकारांनाही या गोष्टीला आधार सापडला नाही. त्या दिवशी बहुतेक लोक घरांत किंवा सभागृहांत प्रार्थना करत बसले होते. मिलर न्यूयॉर्क राज्यातल्या लो हॅम्प्टनला, आपल्या घरीच होता.

त्याला अडाणी म्हणणं तर साफ चूक. 1782 साली जन्मलेल्या या शेतकऱ्याचं शालेय शिक्षण थोडं होतं, वाचन दांडगं. व्हॉल्टेअर, ह्यूम, पेन वाचून तो तरुणपणी बायबल नाकारू लागला होता. ब्रिटनविरुद्धच्या 1812 च्या युद्धात तो कॅप्टन होता. 1816 मध्ये तो बॅप्टिस्ट श्रद्धेकडे वळला तेव्हा जुन्या मित्रांनी त्याला बायबलातल्या विसंगतींवरून डिवचलं. मग त्याने सगळी भाष्यं बाजूला सारली. समोर फक्त बायबल आणि क्रूडनची शब्दसूची. एक शब्द कुठे कुठे आला आहे ते सूचीत शोधायचं, सगळी वचनं एकमेकांशी ताडून पाहायची, आणि अर्थ लागेपर्यंत पुढच्या ओळीला हात लावायचा नाही. 1818 पर्यंत त्याचा निष्कर्ष तयार झाला होता. जाहीरपणे बोलायला मात्र तो 1831 मध्ये उभा राहिला. घाईने डंका पिटणारा माणूस तेरा वर्षं थांबत नाही.

त्याचं गणित कोणालाही तपासता येईल इतकं उघड होतं. दानीएलच्या पुस्तकात आठव्या अध्यायात 2300 दिवसांनी पवित्रस्थान शुद्ध होईल असं म्हटलं आहे. भविष्यवाणीतला एक दिवस म्हणजे एक वर्ष, हा आधार त्याने गणना आणि यहेज्केल या पुस्तकांतून घेतला. सुरुवात धरली इसवी सनपूर्व 457 पासून, म्हणजे इराणचा राजा अर्तहशश्त याने एज्राला यरुशलेमला जाण्याची परवानगी दिली त्या वर्षापासून. 2300 मधून 457 वजा केले की 1843 उरतात. पण इसवी सनपूर्व 1 नंतर थेट इसवी सन 1 येतं, मध्ये शून्य वर्ष नाही. ते लक्षात घेतलं की उत्तर 1844 येतं. या एका वर्षाने मोठा घोळ घातला.

22 ऑक्टोबर ही तारीख मिलरने काढली, हाही गैरसमज. तो नेमका दिवस सांगायचं टाळत असे. त्याने दिलेली मुदत 21 मार्च 1843 ते 21 मार्च 1844 अशी होती; ती उलटल्यावर त्याने आपली चूक जाहीरपणे कबूल केली. ऑक्टोबरची तारीख मिलरच्याच चळवळीतल्या सॅम्युएल स्नो यांची, यहुद्यांच्या प्रायश्चित्ताच्या दिवसावरून काढलेली. ऑगस्टमध्ये न्यू हॅम्पशायरमधल्या मेळाव्यात ती वणव्यासारखी पसरली. मिलरने तिला होकार दिला तो ऑक्टोबर उजाडल्यावर. तोपर्यंत काही शेतकऱ्यांनी उभं पीक न काढता सोडून दिलं होतं, आणि त्यांचं नुकसान अगदी खरं होतं. म्हणूनच मिलरची बाजू मांडताना त्याच्यावरची जबाबदारी पुसून टाकता येत नाही. वर्षाचा आकडा लोकांच्या मनात त्यानेच रुजवला होता.

गणितातली बेरीज-वजाबाकी शून्य वर्षाची चूक सुधारल्यावर बरोबरच होती. फसलं ते गृहीतक: दिवस म्हणजे वर्ष, आणि पवित्रस्थान म्हणजे ही पृथ्वी, जी येशू येऊन अग्नीने शुद्ध करणार. अचूक बेरजेने गृहीतक सिद्ध होत नाही, आणि हीच गोष्ट त्याच्या श्रोत्यांच्या नजरेतून सुटली.

मिलरने सेव्हन्थ डे अॅडव्हेंटिस्ट पंथ स्थापन केला, असं तर अनेक जाणकारही लिहून जातात. तो 1849 मध्ये वारला. पंथाची संघटना उभी राहिली 1863 मध्ये, मिशिगनमधल्या बॅटल क्रीकला. पंथाच्या नावातच असलेला शनिवारचा शब्बाथ मिलरने कधीच स्वीकारला नाही. पंथाच्या मते तारीख बरोबर होती, घटना वेगळी होती: त्या दिवशी येशूने स्वर्गातल्या पवित्रस्थानात सेवेचा नवा टप्पा सुरू केला. बहाई धर्मीयही दानीएलच्या त्याच 2300 वरून 1844 लाच पोहोचतात, पण त्यांच्या दृष्टीने ती भविष्यवाणी त्या वर्षीच्या मे महिन्यात इराणमधल्या शिराझ शहरात, बहाईंचा अग्रदूत मानल्या जाणाऱ्या बाबच्या घोषणेने पूर्ण झाली.