नक्कल न होणारा नट

नकलांच्या कार्यक्रमात निळू फुले येतात, दादा कोंडके येतात, अशोक सराफ तर हमखास येतात. आवाज जरा घोगरा केला, मान विशिष्ट कोनात वळवली की निवेदकाने नाव सांगायच्या आत टाळी पडते. दिलीप प्रभावळकरांची नक्कल मात्र मी अजून ऐकलेली नाही. तात्या विंचूची ऐकली आहे, आबा टिपऱ्यांची ऐकली आहे, साठीपुढच्या एखाद्या रसिकाने रंगात येऊन केलेली चिमणरावांचीही ऐकली आहे. पण ही माणसं ज्याच्या गळ्यातून निघाली त्याचा स्वतःचा असा आवाज कोणता, त्याची लकब कोणती, हे नकलाकाराला सांगता येत नाही.

विनोदी नटाच्या बाबतीत ही गोष्ट साधी नाही. आपल्याकडे विनोदी नट लकबीवर मोठा होतो. प्रेक्षक त्या लकबीसाठी तिकीट काढतो आणि लेखक ती डोळ्यांपुढे ठेवून संवाद लिहितो. प्रभावळकरांनी जवळजवळ सहा दशकं हा राजमार्ग टाळला. तो टाळूनही टिकता कसं आलं, याचं उत्तर मला त्यांच्या दूरचित्रवाणीवरच्या दोन मालिकांमध्ये सापडतं. दोन्ही मालिकांच्या मुळाशी पुस्तकी मजकूर आहे आणि तो मजकूर प्रथमपुरुषी आहे.

४ ऑगस्ट १९४४ हा त्यांचा जन्मदिवस. दादर-शिवाजी पार्कचा परिसर, विज्ञानाचं शिक्षण, नोकरी आणि नोकरी सांभाळून नाटक. त्या पिढीतल्या अनेक नटांची सुरुवात अशीच झाली, म्हणून त्यावर फार रेंगाळत नाही. महत्त्वाची गोष्ट म्हणजे ते रत्नाकर मतकरींच्या बालनाट्यात गेले. ‘अलबत्या गलबत्या’मधली चिंची चेटकीण हे त्यांचं पहिलं मोठं सोंग. अलीकडे वैभव मांगले यांनी ती चेटकीण नव्या पिढीच्या मुलांपुढे आणली, पण मूळची चिंची प्रभावळकरांची. बालनाट्याचा प्रेक्षक फार निर्दय असतो. कंटाळा आला की तो सभ्यपणे खोकत बसत नाही, सरळ वडे मागतो. अशा प्रेक्षकापुढे पुरुषाने चेटकीण व्हायचं, तिची भीती घालायची आणि त्याच दमात तिला हास्यास्पदही करायचं. आवाज, चाल आणि हात एवढ्या तीन गोष्टींवर पात्र उभं करायची सवय इथे लागली असणार. याच मतकरींच्या ‘आरण्यक’मध्ये त्यांनी विदुर केला. महाभारत युद्धानंतरचा वनवासी, विझत चाललेला विदुर. चार दशकांहून अधिक काळाने ते नाटक पुन्हा रंगमंचावर आलं तेव्हाही विदुर त्यांचाच होता. तरुणपणी रंग लावून आणलेलं वार्धक्य आता आपसूक अंगावर आलेलं होतं.

चेटकीण आणि विदुर एकाच नटाकडे, आणि तेही कारकिर्दीच्या उंबरठ्यावर. पुढचं सगळं याच दोन टोकांच्या मधलं आहे.

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं. पाचेक वर्षांत विजया जोगळेकर-धुमाळे यांनी चिं. वि. जोशींच्या कथा छोट्या पडद्यावर आणायच्या ठरवल्या. १९७७ ते १९७९ या काळात ‘चिमणराव’ गाजली. प्रभावळकर चिमणराव, बाळ कर्वे गुंड्याभाऊ. एखाद्याच बिऱ्हाडात संच असायचा आणि सगळी चाळ तिथे लोटायची, हे वर्णन आता इतक्यांदा झालं आहे की मी ते वाचकावरच सोपवतो.

माझ्या मते खरी अडचण दुसरीच होती. चिं. वि. जोशी बडोद्याचे, पालीचे पंडित. त्यांनी चिमणरावांना स्वतःची हकीकत स्वतः सांगायला लावली. ‘चिमणरावांचे चऱ्हाट’ वाचताना आपण हसतो ते चिमणराव काय सांगतात यापेक्षा त्यांना स्वतःच्या सांगण्यातलं काय कळत नाही, याला. फजिती झालेली असते, पण ती सांगणारा गृहस्थ आपण कसे प्रसंगावधान राखून वागलो हेच गंभीरपणे पटवत असतो. ही गंमत कागदावर वाक्यरचनेतून साधते. कॅमेऱ्यापुढे निवेदक नाहीसा होतो आणि उरतो तो नुसता फजित झालेला माणूस. मग पुस्तकातला तो ‘मी’ आणायचा कुठून?

याआधी चिमणराव पडद्यावर येऊन गेले होते. मास्टर विनायकांनी १९४० साली ‘लग्न पहावे करून’ काढला त्यात दामुअण्णा मालवणकर चिमणराव होते आणि विष्णुपंत जोग गुंड्याभाऊ. दामुअण्णांच्या तिरळ्या डोळ्यांनीच निम्मं काम व्हायचं. त्यांनी नुसतं पाहिलं तरी थिएटर हसायचं. प्रभावळकरांकडे असं भांडवल नव्हतं. चेहरा साधा, अंगकाठी बेताची. लोकलमध्ये शेजारी बसला तर लक्षात न राहणारा माणूस. त्यांनी काय केलं, तर चिमणरावांना आपण विनोदी आहोत याचा पत्ताच लागू दिला नाही. आवाज बारीक ठेवला, वाक्य सुरू करताना थोडा अडखळ आणि संपवताना मात्र निष्कर्ष काढल्याचा ठामपणा. चिमणराव घरातल्या प्रत्येक गोंधळाला एखाद्या सरकारी चौकशीचं गांभीर्य देत. समोर बाळ कर्वे यांचा भारदस्त, दांडगा गुंड्याभाऊ. एक विचार करून फसणारा, दुसरा विचार न करता निभावणारा. जुळलेल्या जोडीत दोघांनी मिळून एक ताल धरलेला असतो आणि त्यातला एक बेताल झाला की दुसराही पडतो. इथे दोघांचे ताल वेगवेगळे होते, म्हणून ती भीती नव्हती. बाळ कर्वे २०२५च्या ऑगस्टमध्ये वयाच्या ९५व्या वर्षी गेले तेव्हा बहुतेक बातम्यांच्या मथळ्यात ‘गुंड्याभाऊ’ हे नाव होतं.

तेव्हाचं चित्रीकरण स्टुडिओतलं, कृष्णधवल आणि संकलनाला फारसा वाव नसलेलं. प्रवेशच्या प्रवेश सलग व्हायचे. पाठांतर चोख नसेल तर सगळं पहिल्यापासून. नाटकातल्या माणसांना हे जमणारं होतं, आणि म्हणूनच या मालिकेत सहकलाकार एकमेकांचं बोलणं खरोखर ऐकताना दिसतात. आजच्या मालिकांत दोन वेगवेगळ्या दिवशी चित्रित झालेले चेहरे एकमेकांशी बोलतात, ते लपत नाही. दुर्दैवाने त्या काळी टेप महाग होत्या आणि एका कार्यक्रमावर दुसरा मुद्रित करायची रीत होती. आज ‘चिमणराव’चे थोडेच भाग पाहायला मिळतात. पुढे १९७९ साली याच जोडीला घेऊन विनय धुमाळे यांनी ‘चिमणराव गुंड्याभाऊ’ चित्रपट काढला.

तेहतिशीतल्या नटाला एवढं यश मिळालं की पुढची वीस वर्षं तो तेच विकतो. प्रभावळकरांना तसे प्रस्ताव आले असणारच. पण त्यांची पुढची यादी पाहा. ‘एक डाव भुताचा’मध्ये अशोक सराफांच्या भुतासमोरचा बापुडवाणा मास्तर, ‘वासूची सासू’त लुगडं नेसलेली सासू, दूरदर्शनवरच्या ‘साळसूद’मध्ये थंड डोक्याचा खलपुरुष. जयवंत दळवींच्या ‘नातीगोती’त त्यांनी मतिमंद मुलाचा बाप केला. मुलगा होता अतुल परचुरे. या बापाला मुलाबद्दल माया आहे आणि थकवाही आहे. दळवींनी ते दोन्ही एकाच वाक्यात कोंबलेलं असल्यामुळे हा बाप नुसता करुण करून भागत नाही.

जवळपास त्याच काळात ‘चौकट राजा’ आला. संजय सूरकर दिग्दर्शक, स्मिता तळवलकर निर्मात्या. लहानपणी डोक्याला मार लागून ज्याची बुद्धी तिथेच थांबली त्या नंदूची भूमिका आधी परेश रावल करणार होते. प्रभावळकरांकडे नायिकेच्या नवऱ्याचं काम होतं. ते काम दिलीप कुलकर्णी यांच्याकडे गेलं आणि नंदू प्रभावळकरांकडे आला. म्हणजे रंगमंचावर तो बाप आणि पडद्यावर तो मुलगा. नंदूची आठवण आली की लोक अजून हळवे होतात, पण मला त्यातला नेमकेपणा अधिक मोलाचा वाटतो. नंदूचे हात वयाने मोठ्या माणसाचे आहेत आणि त्या हातांना काय धरावं हे माहीत नाही. एवढ्याशा गोष्टीवर भूमिका तोललेली आहे.

नव्वदच्या दशकात त्यांनी स्वतःसाठी नाटक लिहिलं, ‘हसवा फसवी’. एका नटाने सहा भूमिका करायच्या. त्यात नाना पुंजे होते, दीप्ती लुकतुके नावाची बाई होती आणि सगळ्यांच्या शेवटी येणारे कृष्णराव हेरंबकर, संगीत नाटकाचा काळ पाहिलेले, थरथरणारे वृद्ध गायकनट. अशा नाटकाची खरी कसरत विंगेत असते. बाहेर सहकलाकार वेळ सांभाळतायत, आत विग उतरतोय, दुसरा चढतोय, निऱ्या कोणीतरी खोचतंय आणि नटाला तेवढ्या वेळात श्वासाची लय बदलायची आहे. दीप्तीचा श्वास वर छातीत, हेरंबकरांचा खोल आणि तुटक. प्रयोग साडेसातशेच्या घरात गेले. नंतर पुष्कर श्रोत्री यांनी हे नाटक पुन्हा केलं.

मात्र याबद्दल थोडं वेगळं मत नोंदवतो. बहुरूपी म्हणून त्यांचं जे कौतुक होतं ते या नाटकामुळे होतं, आणि त्यामुळे त्यांच्याकडे वेषांतराचा कलावंत म्हणून पाहायची सवय लागली. वेषांतर ही त्यांची करामत आहे, ताकद नाही. हेरंबकर लक्षात राहतात ते पांढऱ्या विगमुळे नाही. जुन्या वैभवाची आठवण सांगताना त्या म्हाताऱ्याला आपण दयनीय दिसतोय हे कळत नाही, म्हणून ते लक्षात राहतात. इथेही स्वतःबद्दल गंभीर असलेला माणूसच आहे.

१९९३च्या ‘झपाटलेला’तला तात्या विंचू त्याच जातीचा, हे ऐकून वाचक हसेल. महेश कोठारेंचा चित्रपट, रामदास पाध्यांचा बोलका बाहुला आणि आवाज प्रभावळकरांचा. तो खलनायक बाहुल्यात अडकला आहे, वीतभर झाला आहे आणि तरी आपला दरारा पूर्वीइतकाच आहे अशा थाटात धमक्या देतो. मुलं त्याला घाबरली ती त्या थाटामुळे. बाहुला आपण बाहुला आहोत हे मान्य करायला तयार नव्हता.

या नटाचा दुसरा हात सतत लिहीत होता, हे इथे सांगितलं पाहिजे. मुलांसाठी ‘बोक्या सातबंडे’, क्रिकेटवर ‘गुगली’, दोन मित्रांच्या पत्रव्यवहाराची ‘पत्रापत्री’ आणि लोकसत्तेतलं सदर ‘अनुदिनी’. पत्र काय किंवा रोजनिशी काय, लिहिणारा ‘मी’ म्हणूनच लिहितो. ‘अनुदिनी’त टिपरे कुटुंबातली माणसं रोजनिशी लिहितात. एकाच घरात घडलेली गोष्ट, पण लिहिणारा बदलला की तीच गोष्ट वेगळी होते, आणि प्रत्येकाला आपलंच खरं वाटतं. चिं. विं.चा वारसा कोणाकडे आला हे शोधायला फार लांब जावं लागत नाही.

या सदरातून २००१ साली अल्फा मराठीवर ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ आली. दिग्दर्शक केदार शिंदे. राजन भिसे शेखर, शुभांगी गोखले श्यामला, रेश्मा नाईक शलाका, विकास कदम शिऱ्या आणि प्रभावळकर आबा. आठवड्यातून एकदा, तीनेक वर्षं. हिंदीत नुकतंच सासू-सुनांच्या दैनंदिन मालिकांचं युग सुरू झालं होतं. रोज भाग द्यायचा म्हटलं की गोष्ट ताणावी लागते, ताणायला कारस्थान लागतं आणि कारस्थानाला दागिन्यांनी मढलेली बाई. टिपऱ्यांच्या घरात यातलं काही नव्हतं. प्रत्येक भाग स्वतंत्र, एका मध्यमवर्गीय घरातली एक किरकोळ अडचण आणि ती संपली की रोजनिशी.

आबांची जागा मला फार हुशारीने ठरवलेली वाटते. आजोबा घरातले सर्वांत ज्येष्ठ, पण सत्ता त्यांच्याकडे नाही. ते आसनावर बसून संस्कार सांगत नाहीत. नातवाच्या खोड्यांत सामील होतात, मुलगा-सुनेच्या कुरबुरीत नको तेवढं कान देतात आणि आपण कशातच नव्हतो असा चेहरा करून बसतात. लेखक आणि प्रमुख नट एकच असताना उत्तम वाक्यं स्वतःकडे ठेवायचा मोह कोणालाही होईल. इथे कित्येक प्रसंगांत हशा शेखर किंवा शिऱ्या घेतो आणि आबा फक्त त्यांच्याकडे पाहतात. सत्तावन्न वर्षांचा नट आपल्याहून म्हातारा झाला होता, पण आवाजात फारसा कंप नव्हता. घरगुती विनोदाला मुखवटा चालत नाही, हे ‘हसवा फसवी’च्या लेखकाला बरोबर कळलं होतं.

२००६ साली ‘लगे रहो मुन्ना भाई’त ते गांधी झाले. हिंदी प्रेक्षकाला ना चिमणराव ठाऊक होते, ना आबा. राजकुमार हिरानींच्या कथेतला बापू फक्त मुन्नाला दिसतो आणि मुन्नाला जेवढं माहीत आहे तेवढंच त्याला माहीत असतं. त्यामुळे साकारायचे होते इतिहासातले गांधी नव्हे, एका टपोरीच्या डोक्यातले गांधी. प्रभावळकरांनी भाषणाचा सूर टाळला. त्यांचा बापू शेजारच्या प्रेमळ म्हाताऱ्यासारखा बोलतो आणि मुन्नाचं ऐकून घेताना हसतो. या भूमिकेसाठी आणि ‘शेवरी’साठी मिळून त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २०१७ साली ‘चूकभूल द्यावी घ्यावी’ या मालिकेत निर्मिती सावंत यांच्यासोबत ते पुन्हा आपल्या हक्काच्या घरगुती विनोदाकडे वळले.

सप्टेंबर २०२५मध्ये सुबोध खानोलकरांचा ‘दशावतार’ प्रदर्शित झाला. ८१ वर्षांच्या प्रभावळकरांनी बाबुली मेस्त्री केला, तळकोकणातला, नजर अधू होत चाललेला आणि तरी रंग उतरवायला तयार नसलेला दशावतारी नट. उत्तरार्धात सोंगांवर सोंगं येतात, सूड आहे, जंगल आहे, टाळ्या आहेत. लोक त्याच भागावर भरभरून बोलले. मला पूर्वार्ध जास्त आवडला. घरात मुलगा नाटक सोडायची गळ घालतोय आणि बाबुली आपल्याला नीट दिसतंय असं त्याला पटवत राहतो. युक्तिवाद लंगडा आहे हे मुलाला कळतं, प्रेक्षकालाही कळतं. बाबुलीला तो बिनतोड वाटतो.