गीझरमधील पाण्याचे तापमान

घरगुती साठवण-गीझरमध्ये पाणी किती तापावे हे थर्मोस्टॅट हा छोटा भाग ठरवतो. त्याच्या नेहमीच्या प्रकारात टाकीत खोचलेली पितळी नळी तापल्यावर लांबते, तिच्या आतली इन्व्हार या लोह-निकेल मिश्रधातूची कांडी मात्र जवळजवळ तेवढीच राहते, आणि या फरकामुळे स्विच उघडून कॉइलचा वीजपुरवठा तुटतो. पाणी काही अंशांनी निवले की तो पुन्हा जोडला जातो. नॉब फिरवल्याने हा तुटण्याचा बिंदू तेवढा सरकतो, कॉइलची शक्ती बदलत नाही. म्हणून घाईच्या सकाळी नॉब टोकापर्यंत फिरवला तरी पाणी लवकर तापत नाही.

आंघोळीला ४० अंश सेल्सिअसच्या आसपासचे पाणी पुरते, तरीही टाकीतले पाणी बरेचदा ६० अंशांपर्यंत तापवले जाते, याचे एक कारण हिशेबाचे आहे. नळाचे पाणी २५ अंशांचे असेल, तर ६० अंशांच्या १५ लिटरपासून ४० अंशांचे सुमारे ३५ लिटर पाणी होते, ५० अंशांच्या तेवढ्याच साठ्यापासून २५ लिटर. दोन्ही वेळा एका आंघोळीला लागणारी उष्णता सारखीच असल्याने नॉब खाली आणून होणारी विजेची बचत समजली जाते तेवढी नसते. वाचते ती मुख्यतः टाकीच्या पृष्ठभागातून वाया जाणारी उष्णता, आणि ती तर आंघोळीपुरताच गीझर चालू ठेवूनही वाचवता येते.

दुसरे कारण जिवाणूंचे. १९७६ साली फिलाडेल्फियात माजी सैनिकांच्या एका अधिवेशनानंतर न्यूमोनियाची साथ आली आणि तिच्या तपासात लिजिओनेला हा जिवाणू सापडला. तो साधारण २० ते ४५ अंशांच्या पाण्यात वाढतो, ६० अंशांना काही मिनिटांत मरतो, आणि शॉवरच्या तुषारांबरोबर श्वासावाटे फुप्फुसात शिरतो. रोज वापरल्या जाणाऱ्या छोट्या टाकीत हा धोका कमी असला, तरी बरेच दिवस बंद राहिलेल्या गीझरमधील पाणी एकदा पूर्ण तापवून मगच वापरावे.

मात्र याच ६० अंशांच्या पाण्याने प्रौढ माणसाची त्वचा अवघ्या पाचेक सेकंदांत खोलवर भाजते, तर ४९ अंशांना त्यासाठी काही मिनिटे लागतात. लहान मुलांची त्वचा पातळ असल्याने त्यांना याहूनही कमी अवधी मिळतो. शिवाय बोअरवेलचे जड पाणी जितके अधिक तापते, तितका कॉइलवर क्षारांचा थर वेगाने चढतो. म्हणून मुले किंवा वृद्ध असलेल्या घरात टाकी ६० अंशांवर ठेवून, गरम-थंड पाणी ठरावीक तापमानाला मिसळून देणारा थर्मोस्टॅटिक मिक्सिंग व्हॉल्व्ह नळाआधी बसवणे हा सर्वांत चांगला उपाय होय. तो परवडत नसल्यास ५० अंशांच्या आसपासची तडजोड पत्करावी आणि अधूनमधून पाणी ६० अंशांपर्यंत तापवावे.

नॉबवरील खुणा ढोबळ असतात. दिवा विझल्यावर नळाचे पाणी थोडे वाहू देऊन भांड्यात घ्यावे आणि थर्मामीटरने मोजावे (तापाचा थर्मामीटर इथे चालत नाही). काही गीझरमध्ये थर्मोस्टॅटचा स्क्रू झाकणाच्या आत असतो. ते झाकण मुख्य स्विच बंद करून, शक्यतो इलेक्ट्रिशियनकडूनच उघडून घ्यावे. पाणी अतोनात तापल्यास वीज तोडणारा कटआउट वारंवार पडत असेल, तर दोष बहुधा थर्मोस्टॅटमध्ये असतो, आणि अशा वेळी कटआउट पुन्हा पुन्हा दाबून गीझर चालवत राहणे धोक्याचे असते.