युकातानच्या पोटातलं पाणी

मेरिदा शहरातून आग्नेयेला निघालं की रस्ता सरळसोट जातो. घाट नाही, चढउतार नाही आणि नदीवरचा पूल तर शोधूनही सापडायचा नाही, कारण नदीच नाही. मेक्सिकोच्या युकातान द्वीपकल्पाच्या या उत्तर भागात साधा ओढासुद्धा वाहत नाही. पाऊस बऱ्यापैकी पडतो, पण पडल्या पडल्या चुनखडीत जिरून खाली जातो. दोन्ही अंगांना बुटकं, काटेरी रान, मधूनच एखाद्या जुन्या कारखान्याचं उभं राहिलेलं धुराडं, मग एखादं गाव आणि त्याच्या चौकात झोपलेली कुत्री. गाडीतल्या एका कॅनेडियन बाईंनी न राहवून विचारलंच, ‘‘बघायचं आहे ते आहे कुठे?’’ आमच्या तरुण मार्गदर्शकाने बोट खाली दाखवलं.

खाली, म्हणजे सेनोतेंमध्ये. चुनखडीचं छत कोसळून उघड्या पडलेल्या नैसर्गिक डोहांना इथे सेनोते म्हणतात. द्वीपकल्पावर ते हजारोंनी आहेत. काही विहिरीसारखे वरून सताड उघडे, काही अर्धे झाकलेले आणि काहींना माणूस जेमतेम मावेल एवढंच तोंड. मेरिदाहून तासाभरावरची कुसामा आणि होमून ही गावं याच डोहांवर जगतात. आठ-दहा जणांची टोळी सकाळी व्हॅनमध्ये बसवायची, तीन-चार डोहांत पोहवायची, जेवू घालायची आणि दिवेलागणीच्या आत हॉटेलवर सोडायची, असा इथला धंदा. कानकुनकडच्या मोठमोठ्या बसगाड्यांपेक्षा हे बरं. तिथे म्हणे पोहण्यापेक्षा रांगेतच जास्त वेळ जातो.

हे पाणी खाली कसं गेलं, ते थोडक्यात सांगायला हवं. पावसाचं पाणी हवेतला आणि मातीतला कार्बन डायऑक्साइड घेऊन किंचित आंबट होतं. ते चुनखडीला खातं आणि लाखो वर्षांत खडक पोखरून निघतो. हिमयुगात समुद्राची पातळी आजच्यापेक्षा शंभर मीटरहून अधिक खाली होती, तेव्हा या गुहा कोरड्या होत्या आणि छतातून ठिबकणाऱ्या पाण्याने त्यांत चुन्याचे लोंबते स्तंभ तयार झाले. पुढे समुद्र वर आला आणि गुहा बुडाल्या. म्हणून डोहात डोकं घालून पाहिलं की हे स्तंभ पाण्याखालीही लोंबताना दिसतात. पाण्याखाली ते कधीच तयार होत नाहीत. पूर्वेला तुलुमजवळच्या साक आक्तुन या बुडालेल्या गुहेची 2018 मध्ये शेजारच्या गुहेशी जोड सापडली, तेव्हा तिची मोजलेली लांबी 347 किलोमीटर भरली.

कुसामा-होमूनच्या डोहांची गंमत आणखी वेगळी आहे. नकाशावर या भागातले डोह टिंबांनी मांडले तर एक अर्धवर्तुळ उमटतं, आणि त्या वर्तुळाचं केंद्र किनाऱ्यावरच्या चिकशुलुब गावाजवळ येतं. सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी दहाएक किलोमीटर व्यासाचा अवकाशातला धोंडा तिथेच आदळला. 180 किलोमीटर रुंदीचं ते विवर पुढे साठलेल्या चुनखडीखाली गाडलं गेलं. 1970 च्या दशकाच्या शेवटी तेलासाठी पाहणी चालली होती, तेव्हा कुठे त्याचा सुगावा लागला. काठाशी खडक तडकलेला असल्याने पाण्याला वाट मिळाली आणि तिथेच डोहांची माळ तयार झाली. आपल्याला लोणार पाहुण्यांना काठावर उभं करून दाखवता येतं. इथे ती सोय नाही. विवराच्या कडेवर उभे असताना आसपास दिसतं ते फक्त रान. आणि डायनासोर या धोंड्याने मेले की त्याच सुमारास आपल्या दख्खनवर लोटत असलेल्या लाव्हाचाही त्यात हात होता, हा वाद शास्त्रज्ञांत अजून पुरता मिटलेला नाही. सह्याद्रीच्या काळ्या कातळावर वाढलेल्या माणसाला इथल्या पांढऱ्या खडकावर थोडं आरोपीसारखं वाटू शकतं.

चिचेन इत्सा या प्राचीन माया नगरीतला पवित्र डोह, तिथले नरबळी, एडवर्ड थॉम्पसन या अमेरिकन वाणिज्यदूताने विसाव्या शतकाच्या सुरुवातीला गाळ उपसून बाहेर काढलेलं सोनं, जेड आणि हाडं, ती हार्वर्डच्या संग्रहालयात कशी पोचली, हे सगळं प्रत्येक माहितीपत्रकात आहे. त्या डोहात पोहता येत नाही. पुढे जाऊ.

कुसामाजवळ चुंकानान नावाची वस्ती आहे. तिथे व्हॅन थांबते आणि पुढचा रस्ता रुळांवरून सुरू होतो. रूळ अगदी अरुंद, माथेरानच्या गाडीलाही न शोभतील असे, गवतात बुडालेले आणि ठिकठिकाणी वाकडे. त्यावर चार लोखंडी चाकांची लाकडी फळी, फळीवर पाठीला पाठ लावून दोन बाकडी, वर उन्हासाठी कापडाचं छत आणि ओढायला एक घोडा. या गाडीला त्रुक म्हणतात.

ही रेल्वे प्रवाशांसाठी घातलेली नाही, घायपातासाठी घातलेली आहे. आपल्याकडे शेताच्या बांधावर जनावरं अडवायला लावतात, त्याच घायपाताच्या एका भावंडाची इथे एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मैलोन्‌मैल लागवड झाली. त्याच्या वाखाचे दोर जगभरच्या जहाजांवर गेले आणि अमेरिकेतल्या गव्हाच्या पेंढ्या बांधायला त्याचीच सुतळी लागे. मेरिदाचे सावकार त्याला हिरवं सोनं म्हणत. पानं तोडणाऱ्या माया मजुरांच्या डोक्यावर मात्र पिढीजात कर्ज असे. 1930 च्या दशकात जमिनी सावकारांच्या हातून सुटल्या, पुढे नायलॉन आलं, धुराडी थंडावली आणि रूळ तसेच राहिले.

आमचा त्रुक हाकणारे आजोबा सत्तरीच्या पुढचे. डोक्यावर विणलेली टोपी, पायात टायरच्या चपला. माणसांशी स्पॅनिश बोलत आणि घोड्याशी माया. घोडा रुळांच्या मधून नाही, बाजूच्या पायवाटेने चालतो, दोर तिरका ताणून. त्यामुळे फळी सतत एका अंगाला झुकते आणि आजोबा दुसऱ्या कडेला उभे राहून तोल धरतात. बोलता बोलता त्यांचं वजन एका पायावरून दुसऱ्यावर जात होतं, बोलणं न थांबता. एका वाकड्या सांध्यापाशी चाक रुळावरून उतरलं. आम्ही धसकलो. आजोबांनी फळीखालून पहार काढली, चाकाखाली सारली, खांदा लावला, एक हुंकार दिला आणि गाडी रुळावर. एवढ्या वेळात घोड्याने मान वळवूनसुद्धा पाहिलं नाही.

रूळ एकच. समोरून दुसरा त्रुक आला की एकाला रस्ता द्यावा लागतो. कोणी द्यायचा हे दोन्ही गाडीवान लांबूनच ठरवतात. कसं ते आम्हाला शेवटपर्यंत कळलं नाही. मग एका गाडीतली माणसं उतरतात, फळी उचलून गवतात ठेवतात, दुसरी गाडी जाऊ देतात आणि फळी परत रुळावर येते. आमच्यावर ही पाळी आली तेव्हा दोन जर्मन तरुण फळी उचलायला धावले. आजोबांनी त्यांना हाताने बाजूला केलं. त्यांचे वडील याच रुळांवरून घायपाताच्या पानांचे भारे नेत. ‘‘पानं बोलत नसत, तुम्ही फार प्रश्न विचारता,’’ असं म्हणून ते मिस्कील हसले. मार्गदर्शकाने भाषांतर केलं, पण त्याआधीच आम्ही हसलो होतो.

त्यांची तक्रार एकच. होमूनला लोक मोटारसायकलच्या रिक्षेतून थेट डोहाच्या तोंडाशी पोचतात, मग इतका वेळ त्रुकमध्ये हाडं खिळखिळी करून कोण घेणार? शिवाय उन्हात घोडा राबवतात म्हणून परदेशी पाहुणे नाकं मुरडतात. त्यात चूक नाही. आमचा घोडा धष्टपुष्ट होता, पण समोरून आलेल्या एकाच्या बरगड्या मोजता आल्या असत्या.

रुळांच्या कडेने तीन डोह आहेत: चेलेंतुन, चान्सिनिकचे आणि बोलोनचोहोल. पहिल्याला नीट पायऱ्या आहेत. उतरण्याआधी अंग धुऊन घ्यावं लागतं, सनस्क्रीन लावलेलं चालत नाही आणि तरंगजाकीट सक्तीचं. कमरेला सुक्या भोपळ्याची सांगड बांधून मामाच्या गावच्या विहिरीत ढकलली गेलेली आमची पिढी. जाकिटात बुडी मारता येत नाही हे फार खुपलं. पण पाणी पाहिलं आणि तक्रार विसरलो. वरच्या भोकातून उन्हाचा एकच झोत उतरतो आणि तो जिथे पडतो तेवढं पाणी निळंशार दिसतं. तळाचे दगड हाताला लागतील इतके जवळ वाटतात, आणि मार्गदर्शक सांगतो की तिथे तीन माणसं एकावर एक उभी राहिली तरी बुडतील. पाणी थंडगार नाही, पण वरच्या उन्हातून आलेल्या अंगाला सुखावणारं आहे. वडाच्याच कुळातल्या एका झाडाच्या पारंब्या वरच्या कडेवरून थेट पाण्यापर्यंत आल्या आहेत. पाकोळ्या आत-बाहेर करत असतात. काठाच्या बिळांत घरटं करणारा तोह पक्षीही दिसला, लांब शेपटीच्या टोकाचे दोन पिसांचे गोंडे डावी-उजवीकडे हलवत.

तिसऱ्याचं तोंड एवढंसं, आणि खाली जाणारी शिडी जवळजवळ उभी. ज्यांना गुडघ्यांचा त्रास आहे त्यांनी वरच बसावं. पूर्वी अशी शिडी हौसेची नव्हती. 1840 च्या दशकात अमेरिकन प्रवासलेखक जॉन लॉइड स्टीफन्स आणि त्याचा चित्रकार सोबती फ्रेडरिक कॅथरवुड या मुलखात फिरले. बोलोनचेन गावच्या गुहेतल्या अवाढव्य लाकडी शिडीचं कॅथरवुडने काढलेलं चित्र अजून छापलं जातं: भांड्यांत पाणी भरून खालून वर चढणारी माणसांची रांग. उन्हाळ्यात गावाला पाणी म्हणजे एवढंच. आम्ही ओल्या अंगाने, रिकाम्या हाताने चढलो तरी धापा टाकत होतो.

वर आल्यावर आजोबांनी मानी गावची गोष्ट सांगितली. मानी इथून दक्षिणेला. 1562 मध्ये दिएगो दे लांदा या फ्रान्सिस्कन पाद्र्याने मायांच्या पोथ्या जाळल्या, ते हेच गाव. तिथल्या डोहात म्हणे एक म्हातारी बसलेली आहे. उश्मल या जुन्या माया नगरीतला पिरॅमिड एका रात्रीत बांधणाऱ्या बुटक्याला तिनेच अंड्यातून वाढवला. तिच्या शेजारी एक मोठा सर्प आहे. जगातलं सगळं पाणी आटेल तेव्हा सर्वांना मानीच्या डोहाशी यावं लागेल. म्हातारी करवंटीच्या तुकड्याएवढं पाणी देईल आणि बदल्यात एक मूल मागेल, सर्पाला खाऊ घालायला. ‘‘मग लोक देतील का?’’ कॅनेडियन बाईंनी विचारलं. आजोबांनी घोड्याचा दोर सोडवत म्हटलं, ‘‘तहान किती लागलीय त्यावर आहे.’’

होमूनच्या लोकांना ही गोष्ट सांगावी लागत नाही. चुनखडी पाणी अडवत नाही तसं घाणही अडवत नाही. वर जे सांडेल ते गाळलं न जाता थेट डोहात आणि विहिरीत. याच कारणासाठी राज्याने 2013 मध्ये डोहांच्या या वर्तुळाला राखीव क्षेत्राचा दर्जा दिला. तरीही होमूनजवळ 49,000 डुकरांचा प्रकल्प उभा राहिलाच. गावातल्या माया मुलांच्या वतीने कोर्टात अर्ज गेला, 2018 मध्ये काम थांबवण्याचा हुकूम आला आणि 2021 मध्ये देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने ती स्थगिती कायम ठेवली. पूर्वेला नव्या माया रेल्वेसाठी मात्र गुहांची छतं भेदून पोलादी खांब थेट भूगर्भातल्या पाण्यात उतरवले गेले. पर्यटक आणायला बांधलेली रेल्वे पर्यटकांना जे दाखवायचं त्यालाच भोकं पाडते, हे गणित आपल्याकडच्या धरणं-रस्त्यांवर पोसलेल्या वाचकाला नवं वाटायचं नाही.

हा खटल्याचा इतिहास मार्गदर्शकाने जेवणाच्या टेबलावर सांगितला, समोर कोचिनिता पिबिलचं ताट घेऊन. आचियोते आणि आंबट संत्र्याच्या रसात मुरवून, केळीच्या पानात गुंडाळून, जमिनीतल्या खड्ड्यात शिजवलेलं डुकराचं मांस. त्याला हे दाखवून दिलं तेव्हा तो म्हणाला, आजीच्या परसात दोन डुकरं होती, एकोणपन्नास हजार नव्हती. शाकाहारी मंडळींनी सिकिल पाक मागावा. भाजलेल्या भोपळ्याच्या बिया आणि टोमॅटोची ही चटणी मक्याच्या कुरकुरीत चकत्यांबरोबर भाकरीची आठवण काढू देत नाही. हबानेरो मिरची वेगळ्या वाटीत येते, तिचा अंदाज चमच्याच्या टोकाने घ्यावा. जाणाऱ्यांनी रविवार टाळावा, कारण त्या दिवशी मेरिदाची निम्मी कुटुंबं डोहांत असतात. सुटे पेसो जवळ ठेवावेत, आणि त्रुक की रिक्षा असं विचारलं तर त्रुक म्हणावं. घोडा मात्र आधी नीट पाहून घ्यावा.