चार दिवसांचा पास आणि आईचा तंबोरा

मैत्रिणींनो, तुमच्या कपाटावर काय काय चढवून ठेवलंय, जरा आठवून पाहा. पाहुण्यांच्या गाद्या, मोडका पंखा, दिवाळीचा आकाशकंदील! आमच्या कपाटावर या सगळ्यांच्या मागे आईचा तंबोरा होता. तिच्याच एका जुन्या नऊवारीत गुंडाळलेला.

आई चिखलीला. उभ्या आयुष्यात तिनं पेठेतल्या मुलींना गाणं शिकवलं. फीचा आग्रह कधी धरला नाही. माझ्या लग्नात हा तंबोरा तिनं रुखवतात मांडला, तेव्हा करंज्या-अनारशांच्या शेजारी तो पाहून वऱ्हाडी मंडळी हसली होती. मीही गांधर्वच्या परीक्षा मध्यमापर्यंत दिलेल्या. पुढे संसार, मुलगी, दुपारची अर्धवेळ शाळा. गाणं राहिलं ते राहिलंच. आई मात्र भेटली की विचारायची, "तंबोरा काढतेस ना गं?" मी म्हणायची, "काढते की."

खरी गोष्ट अशी की, घराला रंग द्यायच्या वेळी तो खाली काढताना निसटला आणि भोपळ्याला चांगली वीतभर भेग गेली. चूक माझीच, घाई माझीच. आईला सांगायचं धाडस झालं नाही. तीन वर्षं मी "काढते की" म्हणत राहिले.

मुलगी सहावीत गेली आणि गाण्याच्या क्लासला जाऊ लागली. तिथं मोबाइलमधला तंबोरा लावतात. एक दिवस तिनं विचारलं, "आई, खरा तंबोरा असाच वाजतो का?" मला उत्तर देता येईना. आमच्या सासूबाईंनी सुचवलं, "एवढं काय त्यात? गावात सुतार नाहीत का?" सुतार पुष्कळ आहेत हो, पण तंबोऱ्याला हात लावायला कोणी धजेना. शेवटी क्लासच्या बाईंनीच सांगितलं, मिरजेला न्या.

बुलढाणा कुठं, मिरज कुठं! जायला-यायला बाराशे किलोमीटरच्या वर. ह्यांना रजा नव्हती आणि माझ्याकडे होती दिवाळीच्या सुट्टीतली शिल्लक आठवडाभर. तेव्हा आगारात जाऊन मी 'आवडेल तेथे प्रवास' या योजनेची चौकशी केली. एसटीची ही योजना १९८८ पासूनची. चार दिवसांचा किंवा सात दिवसांचा पास एकदा काढला की, त्या मुदतीत राज्यभर हव्या त्या गाडीत बसा, हवं तिथं उतरा. मुलांना अर्ध्या दरात. ही गोष्ट २०२२ च्या नोव्हेंबरातली. मी माझा पूर्ण आणि लेकीचा अर्धा, असे चार दिवसांचे दोन पास काढले.

या पासाच्या खाचाखोचा आधी माहीत असाव्यात, म्हणून इथंच सांगते. साध्या गाड्यांचा आणि वरच्या दर्जाच्या गाड्यांचा पास वेगवेगळा असतो. पास निघण्याच्या दहा दिवस आधीपासून काढून ठेवता येतो. पास आहे म्हणून बसायला जागा मिळेलच असं नाही. जागा राखून ठेवायची तर त्याचे पैसे निराळे. पास हरवला तर दुसरा मिळत नाही, तेव्हा पर्समध्ये कोंबू नका, पोथीसारखा जपा. आणि सगळ्यात मुख्य म्हणजे, पासाचा दिवस रात्री बाराला सुरू होतो आणि रात्री बारालाच संपतो. चौथ्या दिवशी गाडीत असताना बारा वाजले की पुढचं तिकीट काढावं लागतं. म्हणून आदल्या रात्रीची गाडी धरण्यात अर्थ नसतो. पहिल्या दिवशी पहाटेची धरावी आणि चौथ्या दिवशी दिवेलागणीला घरी यावं. मी वहीत तसंच आखलं होतं. पहिल्या दिवशी पुणे, मुक्काम नणंदेकडे. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत मिरज. तिसऱ्या दिवशी दुपारी मिरज सोडून रात्री पुन्हा पुणे, आणि चौथ्या दिवशी बुलढाणा.

तंबोरा गोधडीत बांधला, वरून सुतळी. पासावर मोठ्या माणसाला तीस किलो आणि मुलाला पंधरा किलो सामान नेता येतं. तंबोरा त्या मानाने पिसासारखा, पण लांबीला मोठा ना! वाहकभाऊ म्हणाले, "ताई, ह्या तिसऱ्या माणसाचा पास कुठाय?" सगळी गाडी हसली. मग त्यांनीच मागच्या लांब बाकावर खिडकीशी जागा करून दिली. गाडी चिखलीच्या स्थानकात थांबली तेव्हा मात्र मी पदर डोक्यावरून घेऊन मान खाली घातली. माहेरच्या गल्लीतलं कोणी पाहिलं असतं तर आईपर्यंत बातमी तासाभरात पोचली असती. आता हसू येतं, तेव्हा छाती धडधडत होती.

एक गोष्ट पुण्यात लक्षात आली. आमची गाडी वाकडेवाडीला उतरवते आणि मिरजेची गाडी सुटते स्वारगेटहून. मधली बस महापालिकेची, तिथं एसटीचा पास चालत नाही. सुटे पैसे जवळ ठेवा.

मिरजेला उतरलो ती भर दुपारी. पाटी वाचत सतारमेकर गल्लीत शिरलो आणि लेकीनं माझा हात घट्ट धरला. दुकानादुकानांच्या दारात ओळीनं वाळत ठेवलेले भोपळे, आपल्या लाल भोपळ्याच्या दुप्पट-तिप्पट! "आई, याची भाजी किती होईल गं?" एका दुकानातले म्हातारे कारागीर खुदकन हसले. म्हणाले, "कडू हाय बाळ, खायचा न्हवं. गाण्याचाच भोपळा ह्यो." पंढरपूर-मंगळवेढ्याकडे भीमेच्या काठच्या शेतांत ही वेगळी जात लावतात. वेलावरच पिकवून, मग वाळवून तो इथं आणतात. वरचा दांडा आणि तबली तुणाच्या लाकडाची. तबली म्हणजे भोपळ्याच्या तोंडावर बसवलेली लाकडी चकती. नक्षीसाठी पूर्वी हस्तिदंत लावत, आता प्लास्टिकच्या पट्ट्या येतात. शेवटी चपड्याचं पॉलिश.

हा धंदा या गावात कसा आला ती हकिगत ऐकण्याजोगी आहे. ही घराणी मूळची शिकलगारांची, म्हणजे तलवारी-भाल्यांना धार लावणाऱ्यांची. राजेरजवाडे गेले, लढाया सरल्या, हत्यारांना गिऱ्हाईक उरलं नाही. तेव्हा एकोणिसाव्या शतकात फरीदसाहेब नावाच्या हुशार कारागिरानं सतार करायला घेतली, आणि गावाचे संस्थानिक पटवर्धन गाण्याचे दर्दी, त्यांनी पाठीशी उभं राहून आश्रय दिला. पिढ्यान् पिढ्या धार लावणारे हात मग सूर लावायला लागले. २०२४ साली मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळाल्याची बातमी वाचली, तेव्हा त्या गल्लीतल्या वाळत्या भोपळ्यांची ओळ डोळ्यांसमोर आली.

त्यांनी गोधडी सोडली. भेगेवरून अंगठा फिरवला, टिचकी मारून कान लावला. मी परीक्षेचा निकाल ऐकावा तशी उभी. "किती दिवस झालं म्हणायचं?" "तीन वर्षं." "तारा ढिल्या करून ठेवायच्या व्हत्या. ताण भोपळ्यावर येतो की." घ्या! इतकी वर्षं शिकले, पण हे मला कोणी सांगितलं नव्हतं, किंवा मी ऐकलं नव्हतं. तुमच्याकडे असा पडून राहिलेला तंबोरा असेल तर आजच तारा थोड्या उतरवा.

मग ते म्हणाले, भोपळा बदलता येईल, पण आवाज बदलेल. सांधायचा तर तबली उघडून आतून पट्टी लावावी लागेल. बाहेर रेघ दिसत राहील, आवाज मात्र हाच. काय करू? माझ्या मनात आधी आलं ते हे की, बदलला तर आईला कळणार नाही. नवा भोपळा, नवं पॉलिश, भेग नाही! अगदी तोंडावर आलं होतं. लेक म्हणाली, "आजीचा आवाज जाईल ना मग?" मी म्हटलं, सांधा.

त्यासाठी तंबोरा ठेवून जावा लागणार होता. रिकामी गोधडी घेऊन बाहेर पडले तर काखेत कसलं तरी ओझं कमी झाल्यासारखं वाटलं, आणि थोडं चुकल्यासारखंही.

उरलेला वेळ आम्ही पासाच्या जिवावर हिंडलो. सांगली-मिरजेच्या शहरी गाड्याही एसटीच्याच, आणि आमच्या पासात शहरी गाड्या येत होत्या. त्यामुळे चढ-उतर करताना दर वेळी पर्स उघडायची नव्हती. आपल्या बायकांचं कसं असतं, एकटीनं हिंडायचं म्हटलं की प्रत्येक तिकिटाला "हे गरजेचं आहे का?" असं मनातच विचारतो. पास हातात असला की तो प्रश्न पडत नाही; उलट वाटतं, पैसे भरलेत, वसूल करू!

संध्याकाळी ख्वाजा शमना मीरा साहेबांच्या दर्ग्यात गेलो. किराणा घराण्याचे अब्दुल करीम खाँसाहेब १९३७ मध्ये गेले, त्यांची समाधी याच आवारात आहे. उरुसाच्या वेळी त्यांच्या आठवणीत इथं चिंचेच्या झाडाखाली संगीतसभा होते आणि मोठमोठे गवई येऊन हजेरी लावतात. सवाई गंधर्व त्यांचे शिष्य आणि भीमसेन जोशी, गंगूबाई हनगल सवाई गंधर्वांचे. पुण्याच्या मोठ्या महोत्सवाचं मूळ असं इथंवर येऊन पोचतं. खाँसाहेबांची कन्या हिराबाई बडोदेकर १९०५ साली मिरजेतच जन्मल्या. घरंदाज बाईनं चारचौघांत गाणं वावगं समजत त्या काळात, तिकीट लावून जाहीर मैफल करणाऱ्या पहिल्या काही स्त्रियांत त्या होत्या. रुखवतातल्या तंबोऱ्याला हसणारी मंडळी मला तिथं आठवली.

विष्णू दिगंबर पलुस्करही याच गावचे विद्यार्थी. लहानपणी दत्तजयंतीच्या दारूकामात दृष्टी अधू झाली, म्हणून त्यांना गाण्याकडे वळवलं आणि मिरजेला बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांकडे ते शिकले. त्यांनी १९०१ मध्ये लाहोरला गांधर्व महाविद्यालय काढलं. आपण ज्या परीक्षा दिल्या त्यांची नाळ अशी मिरजेशी बांधलेली, हे मला मध्यमापर्यंत येऊनही ठाऊक नव्हतं! बालगंधर्वांनी किर्लोस्कर मंडळीत शकुंतलेची भूमिका पहिल्यांदा केली तीही इथंच, १९०५ साली. आता त्यांच्या नावाचं नाट्यगृह आहे.

तिसऱ्या दिवशी सकाळी शहरी बसनं सांगली. गणपतीचं दर्शन, विष्णुदास भाव्यांनी १८४३ मध्ये पहिलं मराठी नाटक केलं ते हे गाव, असं लेकीला सांगून झालं, आणि घरच्यांसाठी भडंग घेतलं. सांगलीबद्दल लिहिण्यासारखं आणखी आहे, पण आमचं अर्धं लक्ष त्या गल्लीकडे होतं. परत येऊन निरोप घ्यायला गेलो तेव्हा कारागीर एका नव्या तंबोऱ्याची जवारी लावत होते. घोडीवर बारीक कानस फिरवायची, तार छेडायची, दोरा केसभर सरकवायचा, पुन्हा छेडायची. कितीतरी वेळ नुसताच खण्ण आवाज. आणि मग एकदम तो सूर उघडला, फुलल्यासारखा. लेकीनं माझ्याकडे पाहिलं. तिच्या प्रश्नाचं उत्तर मला द्यावंच लागलं नाही.

आता हिशेबाचं. १७ मार्च २०२३ पासून एसटीत बायकांना तिकीट अर्धं झालं. ही सवलत तिकिटावर आहे, पासाला नाही. म्हणून पास घ्यायच्या आधी वहीत मांडून पाहा. एसटीचं भाडं सहा किलोमीटरच्या टप्प्यावर असतं. एकूण अंतराला सहानं भागा, टप्प्याच्या दरानं गुणा, त्याचं निम्मं करा आणि पासाच्या दराशी ताडून पाहा. दोन्ही दर आगारात विचारा, ते बदलत राहतात. सरळ जाऊन सरळ यायचं असेल तर बाईला बहुधा अर्धं तिकीटच परवडतं. रोज नव्या गावाला जायचं असेल तर पास. नवरोबा बरोबर येणार असतील तर त्यांचा पास आणि आपलं तिकीट, असं करायला कोणाची हरकत आहे?

मे महिन्यात तंबोरा आणायला मी अर्ध्या तिकिटावर गेले, तेही एकटी. सासूबाईंनीच डब्यात दशम्या बांधून दिल्या. येताना मात्र गाडी चिखलीला थांबली तेव्हा मान खाली घातली नाही. तिथंच उतरले.

आईनं गोधडी सोडली. भोपळ्यावरची रेघ तिच्या बोटांना लगेच लागली. "कधी फुटला?" मी सांगितलं. रंगाचं, घाईचं, "काढते की"चं, सगळं. ती काही बोलली नाही. चष्मा पुसला, तंबोरा मांडीशी घेतला, खुंट्या पिळल्या, मणके सरकवले आणि चारी तारांवरून बोटं फिरवत राहिली. लेक समोर बसली होती, हातात मोबाइल.

"ते बंद कर वं आधी," आई तिला म्हणाली. "आणि बस इथं. खर्ज उतरलाय, ऐकू येतो का तुले?"