कार्य झालंच नाही!

लग्नघरात मांडवाचा डगमगता खांब मामा तासभर घट्ट धरून उभे आहेत. घामाघूम झालेल्या मामांना नववीतला भाचा म्हणतो, “मामा, खांब जागचा हलला नाही. म्हणजे कार्य झालंच नाही!”

हसू येतं ते ‘कार्य’ या एका शब्दामुळे. घरात कार्य म्हणजे लग्न-मुंज. भौतिकशास्त्रात मात्र कार्य म्हणजे बल गुणिले बलाच्या दिशेने झालेलं विस्थापन. 10 न्यूटन बलाने वस्तू त्याच दिशेने 2 मीटर सरकली, तर कार्य 20 ज्यूल. हललीच नाही, तर शून्य. मन पहिल्या अर्थावर विसावलेलं असताना दुसरा अर्थ अचानक समोर येतो आणि तोही चपखल बसतो. यालाच आपण श्लेष म्हणतो.

विनोद टिकतो तो विज्ञान अचूक असल्यामुळे. मामांनी खांब ओढत नेला असता, तर हाच विनोद फसला असता. शिवाय नियम ठाऊक असलेल्यालाच गंमत कळते, त्यामुळे हसण्यात उलगडा झाल्याचा आनंदही मिसळतो. म्हणूनच वर्गात असा विनोद जरूर सांगावा: व्याख्या पाठ न करताही लक्षात राहते.