लाखाच्या आघाडीला तेरा हजार भारी

५ फेब्रुवारी २००८च्या रात्री बराक ओबामा आणि हिलरी क्लिंटन यांच्यातल्या, डेमोक्रॅटिक पक्षाच्या अध्यक्षपदाच्या उमेदवारीच्या लढतीत अमेरिकेतल्या वीसहून अधिक राज्यांचे निकाल लागले. त्यातले दोनच शेजारी ठेवून पाहा. न्यू जर्सीत अकरा लाखांहून अधिक मतदान झालं आणि क्लिंटन लाखाहून जास्त मतांनी जिंकल्या. आयडाहोत पक्षाच्या कॉकस-सभांना जेमतेम २१ हजार लोक आले. ओबामांची आघाडी साधारण १३ हजारांची. पण उमेदवारी ठरते ती पक्षाच्या अधिवेशनातल्या प्रतिनिधींच्या संख्येवर. न्यू जर्सीत वाटणी झाली ५९-४८, आयडाहोत १५-३. म्हणजे क्लिंटन यांना ११ची आघाडी आणि ओबामांना १२ची!

ओबामा तीनच दिवस आधी बॉइसीला जाऊन आले होते. सभेला सुमारे १४ हजार लोक लोटले होते. क्लिंटन यांच्या प्रचारयंत्रणेने अशा छोट्या राज्यांकडे पाठ फिरवली, ती त्यांना फार महागात पडली.

हे गणित मतदारसंघापासूनच सुरू होतं. प्रतिनिधी चार आणि उमेदवार दोनच असतील, तर ६० टक्के मतं मिळवूनही वाटणी २-२च होते; तिसरा प्रतिनिधी हवा तर साडेबासष्ट टक्के ओलांडावे लागतात. प्रतिनिधी पाच असले की मात्र एका मताची आघाडीही ३-२ देऊन जाते. टेक्सासमध्ये मतपेटीत क्लिंटन सुमारे लाखाने पुढे होत्या, तरी त्याच रात्रीच्या कॉकस धरून प्रतिनिधी जास्त मिळाले ओबामांना. मथळे मात्र क्लिंटन यांच्या विजयाचे होते.

देशभरात साडेतीन कोटींच्या आसपास मतं पडली, दोघांना जवळजवळ सारखी. मिशिगनच्या मतपत्रिकेवर ओबामांचं नावच नव्हतं. तिथली मतं धरली की क्लिंटन पुढे, वगळली की ओबामा. अशा वेळी एकूण मतांवरून विजेता सांगणं ही पत्रकारिता नव्हे.

६ मेच्या रात्री नॉर्थ कॅरोलायना ओबामांनी सहज जिंकलं, इंडियाना क्लिंटन यांच्याकडे निसटतं गेलं. उरलेल्या राज्यांतून क्लिंटन यांची प्रतिनिधींमधली तूट भरून निघणं शक्य नाही, हे ओळखून एनबीसीच्या टिम रसर्ट यांनी उमेदवार कोण ते आता ठरल्याचं थेट सांगून टाकलं. त्या मोसमातली सर्वांत धीट आणि प्रामाणिक पत्रकारिता हीच. चार आठवड्यांनी, ३ जूनला, ओबामांनी आवश्यक २,११८ प्रतिनिधींचा टप्पा ओलांडला.